अंडं न घालणारी कोंबडी

अंकल टीव्हीवर कोंबडी होता.

एवढं ऐकून तुम्हाला वाटेल, लहान मुलांच्या कार्यक्रमात पिसं-बिसं लावून नाचत असेल. कसलं काय! पिसं नाहीत, चोच नाही, तुरा नाही. निळसर बुशशर्ट, केसांना चपचपीत तेल, आणि आतून कोंबडी. हे 'आतून' त्याचंच. "भायरसून माणूस, भितरसून कोंबडी. ह्याका आर्ट म्हणतत," असं तो म्हणायचा, आणि 'आर्ट' म्हणताना डोळे मिटायचा. ते मिटलेले डोळे मला झकास जमतात. शाळेच्या गॅदरिंगला मी पहिल्यांदा स्टेजवर चढलो तो अंकलची नक्कल करायलाच, आणि हेडमास्तरांच्या चहाचा कप सांडेपर्यंत लोक हसले होते. अंकल स्वतः पहिल्या रांगेत बसला होता. मला वाटलं आता हा मला चपलेने हाणणार. तो कार्यक्रम संपल्यावर जवळ आला आणि म्हणाला, "कोंबडी बरी केलंस, पुता. पण माझो गाल चुकीचो दाखयलंस."

कारण अंकलचा उजवा गाल कॅमेऱ्याचा होता. डावा घरचा. अनोळखी माणूस पडवीत आला की तो खुर्चीसकट फिरून उजवा गाल पुढे करायचा. पोस्टमन, लाइनमन, मासेवाली, सगळ्यांना उजवा. बायकोला, म्हणजे आंटीला, डावा.

गोष्ट त्या काळातली, जेव्हा मुंबईला टीव्ही नवा नवा आला होता. काळा-पांढरा, आणि पुष्कळसं थेट. अंकल तेव्हा तरुण, मुंबईत एका छापखान्यात कामाला, आणि सुट्टीच्या दिवशी गाववाल्यांच्या काजारांत, म्हणजे क्रिस्तांवांच्या लग्नांत, कोंबडीचा आयटम करणारा. तसल्याच एका लग्नात टीव्ही केंद्रातल्या कोणा साहेबाने त्याला बघितलं आणि बोलावलं. कशाला? तर भोक बुजवायला. फिल्मची रीळ मध्येच तुटायची, भाषण करणारे पाहुणे वेळेवर पोचायचे नाहीत, गाणारणीच्या पेटीचा सूर बसायचा. मग पडद्यावर 'व्यत्ययाबद्दल क्षमस्व' अशी पाटी लागायची. पाटी फार वेळ राहिली की लोक टीव्ही बंद करून जेवायला बसायचे. म्हणून पाटीच्या जागी अंकल.

म्हणजे सरळ सांगायचं तर या माणसाचं सगळं करियर ही एका पुठ्ठ्याच्या पाटीची बदली होती. हे मी त्याला तोंडावर सांगितलंय. तो म्हणाला, "पाटयेक कोण हसणा नाय." त्याला तरी कोण हसलं होतं देव जाणे. स्टुडिओत हसायला माणूस कुठे असतो? पण असं काही विचारलं की अंकल बहिरा व्हायचा.

आयटम असा. कोंबडीला अंडं आलंय. ती जागा शोधते. एक कोपरा बघते, नाक मुरडते. दुसरा बघते. बसते, उठते, कोणावर तरी उखडते, पायाने माती उकरते, परत बसते. मग मान ताठ, डोळे गोल, अंगावर काटा, आणि तोंडातून खरंखुरं अंडं तळहातावर. आता यातली मेख अशी की ते अंडं पहिल्यापासून तोंडातच असतं. सगळं 'कॉक कॉक' अंडं गालात ठेवून करायचं. त्यासाठी तो तलंगेचं, म्हणजे नुकत्याच वयात आलेल्या कोंबडीचं, पहिलंवहिलं बारकं अंडं वापरायचा. म्हातारपणी कवळी लागल्यावर तर काम सोपं झालं. कवळी खिशात, अंडं आत. देवाने दात नेले ते आयटमसाठीच, असं त्याचं मत होतं.

आणि आता खरी गंमत ऐका. टीव्हीवर ते अंडं कोणी कधी बघितलंच नाही.

झालं असं की कॅमेऱ्याच्या बाजूला कानाला हेडफोन लावलेला एक साहेब उभा असायचा. थेट कार्यक्रम, तोंडाने बोलता येत नाही, म्हणून तो हाताने सांगायचा. रबर ओढल्यासारखे दोन्ही हात लांब केले की 'लांबव'. मूठ मिटून दाखवली की 'घाल अंडं, संपव'. गळ्यावरून हात फिरवला की 'बंद'. अंकल उभा राहिला की 'लांबव' यायचं. परत 'लांबव' यायचं. कोंबडी बिचारी जागा शोधत फिरतेय. तोवर तिकडे रीळ चिकटवून व्हायची, नाहीतर पाहुणे घाम पुसत पोचायचे, की सरळ गळ्यावरून हात. मूठ कधी आलीच नाही. जितक्या वेळा टीव्हीवर गेला तितक्या वेळा अंकल अंडं तोंडातच घेऊन परत आला.

मुंबईच्या नातेवाइकांनी बघितलं ते एवढंच. एक माणूस अस्वस्थ होऊन फिरतोय आणि अचानक बातम्या. त्याचा एक मेव्हणा दुसऱ्या दिवशी विचारायला आला होता म्हणे, "तुझ्या पोटात दुखत होता काय रे?"

आणि आमच्या गावाने तर तेवढंही बघितलं नाही. मुंबईचा टीव्ही तेव्हा आमच्या किनाऱ्यापर्यंत पोचतच नव्हता. पुढे पोचला तोवर टीव्हीवाल्यांना अंकलची गरज संपली होती. त्यामुळे गावात एकच मत. "ह्येना टीव्ही बघलेलो आसतलो, दुकानाच्या काचेतसून." चहाच्या टपरीवर हे वाक्य त्याच्या समोर म्हटलं जायचं. तो चहा पीत ऐकायचा. उजवा गाल पुढे.

दुसरा कोणी असता तर गप्प बसला असता. अंकलने शपथ घेतली. आता अंडं घालीन तर टीव्हीवरच. तेव्हापासून त्याने लग्नांतसुद्धा अंडं घालणं बंद केलं. लोक बोलवायचे, हा जायचा, कोंबडी मस्त फिरवायचा, आणि शेवटी नुसता नमस्कार. नवरा-नवरी बघत राहायची. आंटीचं यावर एक ठरलेलं वाक्य होतं. "लगीन करून इलंय तेव्हापासून माझ्या घरात कोंबडी आसा. अंडा मातर इकत हाडूचा लागता."

शेवटी आंटीने खऱ्या कोंबड्याच पाळल्या. अंकल त्यांचा मनापासून तिरस्कार करायचा. लाकडांच्या ढिगामागे एखादी बसली की हा कमरेवर हात ठेवून समोर उभा. "बघ, आता बघ हां... घातल्यान! काय घाई होती गो तुका? फुडे काय बातम्यो आसत?" कोंबडी ओरडत पळायची. हा माझ्याकडे वळून म्हणायचा, "अंडा कोणय घालता रे. टायम येयपर्यंत धरून ठेवूक कलाकार लागता."

त्या टीव्हीने त्याच्या डोक्यात काय काय भरून ठेवलं होतं, त्याला सुमार नाही. पांढरा शर्ट कॅमेऱ्याला चालत नाही, 'मारतो', म्हणजे झळाळतो, असं त्याला कोणीतरी सांगितलं होतं. त्यानंतर त्याने पांढरं कधी घातलं नाही. पोरीच्या लग्नात निळसर, मयताला निळसर, फेस्ताला, म्हणजे चर्चच्या सणाला, निळसर. एकदा तर इगर्जीत, म्हणजे चर्चमध्ये, प्रार्थना संपल्यावर फादरना बाजूला घेऊन म्हणाला, "फादर, शेर्मांव बरो झालो. झगो मातर मारता." शेर्मांव म्हणजे फादरचं प्रवचन. फादर गोव्याचे, हसून गेले. आमच्याकडचे असते तर पुढच्या रविवारी याच्यावरच शेर्मांव झाला असता.

स्टुडिओत जमिनीवर खडूने फुली मारायचे, तिथून हलायचं नाही. मग हा कुठेही बोलायला उभा राहिला की आधी चपलेने मातीत फुली मारणार. मासळीच्या लिलावात फुली. एसटीच्या थांब्यावर फुली. एकदा पावसात थांब्यावरची फुली वाहून गेली तर हा दुसरी मारेपर्यंत बोलायचा थांबला, आणि लोकांनी पावसाचे आभार मानले.

कारण बोलायचा फार. "आमच्या वेळेक सगळा लाइव्ह होता. चुकी झाली तर चुकीच घरोघर जाय. मी चुकूक नाय." हे भाषण गावातल्या कुत्र्यांनासुद्धा पाठ होतं. सुदैवाने त्याला बंद करायची युक्ती पोरांना सापडली. शेजारी कॅमेऱ्यासारखं काहीतरी धरायचं, पत्र्याचा डबा, सायकलचा दिवा, काहीही, आणि गळ्यावरून हात फिरवायचा. अंकल शब्दाच्या मधोमध थांबायचा. बस येत नसली आणि करमणूक हवी असली तर रबर ओढायचं. की चालू. एका शोकसभेत हा उठला आणि "मयत मनीस खूप" एवढं बोलला, तेवढ्यात मेणबत्तीच्या स्टँडशेजारून कोणीतरी गळ्यावरून हात फिरवला. अंकल खाली बसला. मयत मनीस खूप काय होता, ते अजून कोणाला कळलेलं नाही.

मूठ मात्र तो मानायचा नाही. पोरांनी किती डबे धरले, किती मुठी दाखवल्या. "ता खऱ्या कॅमेऱ्याबाजूसून येऊक व्हया," म्हणायचा. "डब्याक अंडा दाखवूक मी काय पिसो आसंय?" यावर पोरं काय म्हणायची ते सोडा.

आता माझं सांगतो. मी कॉलेजसाठी कणकवलीला होतो. तिथे शिकलो एवढंच की प्राचार्यांचा आवाज प्राचार्यांपेक्षा मला जास्त चांगला येतो. एसटीचा कंडक्टर, पहाटे चालू न होणारी लाँच, नेत्यांची भाषणं, सुरमईचा भाव पाडणाऱ्या बायका, सगळे माझ्या घशात राहतात. हॉटेलांत पर्यटकांसमोर कार्यक्रम करतो, मोबाइलवर छोटे व्हिडिओ टाकतो. ते बघून एका मराठी चॅनेलवाल्यांचा मला फोन आला. आमच्याच किनाऱ्यावरून कोकणातल्या कलाकारांचा थेट कार्यक्रम करणार होते. मला शेवटची जागा. वर विचारलं, "तुमच्या आधी एखादे जुने कलाकार मिळतील का? वयस्कर, गोड?"

मी म्हटलं, आहेत ना. खुद्द टीव्हीवर येऊन गेलेत.

माझा हिशेब साधा होता. माझ्या आधी अंकल उभा राहिला तर नंतर मी नुसता शिंकलो तरी लोकांना कलाकार वाटेन.

अंकलला सांगायला गेलो तेव्हा तो पडवीत नखं कापत होता. ऐकून त्याने कात्री खाली ठेवली.

"लाइव्ह?"

"लाइव्ह, अंकल."

"आख्खो आयटम? मध्येच बातम्यो नाय?"

"ब्रेक आसा, पण तो तुमच्या नंतर."

आतून आंटी बाहेर आली, हाताला नारळाचा किस तसाच. तिने त्याच्याकडे बघितलं आणि मला म्हणाली, "बाबा, एकदाचा घालून टाकूक सांग तेका. लोकांनी खोटारडो म्हणान म्हणान माझे कान किटले. मरायच्या आधी एकदा ह्येच्या तोंडातसून ता अंडा टीव्हीर पडूक व्हया, नायतर ह्यो तोंडात घेवनच जातलो."

अंकल काही बोलला नाही. ही बातमी मी गावभर केली: अंकल काही बोलला नाही.

मग सुरू झाली तयारी. सकाळी उठून कोंबडी, जेवून कोंबडी. कुठल्या तलंगेचं अंडं न्यायचं यावर वाद. एक फार मोठं, एक फार गोल, एक म्हणे 'कॅमेऱ्यात मारतला' कारण पांढरं होतं. शेवटी एक बदामी रंगाचं पसंत पडलं. मुंबईच्या मेव्हण्याला फोन झाला. तो आता ऐंशीच्या घरात, ऐकू कमी, पण बघेन म्हणाला. टपरीवर पैजा नाहीत, पण मतं लागली. बहुमत असं की अंडं बाहेर यायच्या आधी कवळी येणार.

कार्यक्रम रविवारी दुपारी, सुरूच्या बनात. समोर समुद्र, वर मांडव, खाली खुर्च्या, आणि आख्खं गाव. निवेदिका पुण्याकडची, लाल साडी, गोड बोलणारी. कॅमेऱ्याच्या बाजूला हेडफोन लावलेला एक दाढीवाला पोरगा, हातात टॅब. त्याला बघताच अंकल खुलला. "साहेब इलो," मला कुजबुजला. जणू तोच जुना साहेब तरुण होऊन परत आलाय. मग पुढे होऊन चपलेने स्टेजवर फुली मारायला लागला. स्टेजवर गालिचा होता. फुली उमटेना. शेवटी आकाशी कागदाचा तुकडा चिकटवून त्यावर माझ्या पेनने फुली केली. हे मी केलं. माझ्या पेनने. लक्षात ठेवा.

दाढीवाला म्हणाला, "आजोबा, आधी मॅडम दोन-तीन प्रश्न विचारतील. छान बोला. मग तुमचं ते कोंबडीचं."

अंकलने मान हलवली. भाषण तयारच होतं, आयुष्यभर तयार होतं. पण दाढीवाल्याने हात वर करून "रेडी" म्हटलं मात्र, आणि अंकलच्या हाताने त्याला न विचारता जुनं काम केलं. कवळी खिशात, अंडं तोंडात. भोक बुजवणाऱ्याला कोणी कधी प्रश्न विचारतं का हो? त्याला नुसतं उभं करतात. हात वर झाला की अंडं आत, ही त्याची सवय. कॅमेऱ्यावरचा लाल दिवा लागला.

"काका, नमस्कार! तुम्ही म्हणे टीव्हीच्या अगदी सुरुवातीच्या काळातले कलाकार. कसे होते ते दिवस?"

अंकलचे डोळे गोल झाले. कोंबडीसाठी नाही, खरेच. मला बाजूला उभं राहून सगळं दिसत होतं. ज्या प्रश्नाची तो टपरीवर, थांब्यावर, मयतांत वाट बघत होता तो प्रश्न समोर, माइक समोर, आख्खा महाराष्ट्र समोर, आणि तोंडात अंडं. काढलं तर बोलता येईल. पण काढलं की आयटम मेला. हाताने काढलेल्या अंड्याला कोण विचारतो?

त्याने एकदा माइककडे बघितलं. मग म्हणाला, "कॉऽक."

निवेदिका हसली. "अरे वा, लगेच सुरू! पण काका, थोडं सांगा ना आम्हाला."

"कॉक-कॉक-कॉक-कॉऽऽक. कॉक. कॉक-कॉऽक."

गाव हसून खुर्च्यांवरून पडलं. पण मी नकलाकार आहे, मला ओळखू आलं. तेच चढउतार, तीच थांबायची जागा. तो कोंबडीच्या भाषेत सांगत होता की आमच्या वेळेक सगळा लाइव्ह होता. 'मी चुकूक नाय' पण आलं त्यात, शेवटी, मान उडवून. चुकलेला असताना.

"घरी कोण कोण असतं?"

अंकलने आंटीकडे मान वळवून एक बारीक टोचा मारला. "गप रव मेल्या!" आंटी खालून ओरडली. तेही थेट घरोघर गेलं.

मग त्याने आयटम सुरू केला. आणि मला कबूल करायला जिवावर येतंय, पण कोंबडी होती. फुलीवरून न हलता तिने आख्खं स्टेज शोधलं. निवेदिकेच्या साडीवर संशय घेतला. माइकच्या वायरवर उखडली. बसली, उठली. लोक हसत होते, मग गप्प झाले, मग पुढे वाकले. आता घालणार, आता घालणार. अंकलने दाढीवाल्याकडे बघितलं.

दाढीवाला टॅबमध्ये बघत होता.

कोंबडी उठली, परत जागा शोधायला लागली. अंकलने परत बघितलं. दाढीवाला हेडफोनमध्ये काहीतरी बोलत होता, हात खिशात. आजकाल सगळं निवेदकाच्या कानात सांगतात, हाताने कोण कशाला सांगेल? हे अंकलला कोणी सांगितलं नव्हतं. तो मुठीची वाट बघत होता. आणि मूठ नाही म्हणजे लांबव.

खाली आंटी उभी राहिली. "मूठ दाखय रे तेका! ओ दाढयेवाल्या! मूठ!" आणि स्वतः मूठ वर करून दाखवली. दाढीवाल्याने बघितलं, एक म्हातारी आपल्यावर मूठ उगारतेय. तो दोन पावलं मागे सरला. मागून टपरीवाल्यांनीही मुठी वर केल्या. तो आणखी मागे सरला. अंकल कोणाकडे बघेना. बायकोची मूठ, गावाची मूठ, त्याच्या लेखी डब्याच्याच.

"थँक्यू काका, मजा आली! आपण घेऊया एक छोटासा ब्रेक."

लाल दिवा गेला. झालं. परत बातम्या.

टपरीवाले हसले नाहीत, हे सांगायला हवं. आंटी खाली बसली.

पण अंकल फुलीवरून हलला नाही. दाढीवाला वर आला, "आजोबा, झालं तुमचं, चला." अंकलने मान हलवली, नाही. तोंडात अंडं, त्यामुळे कारण सांगता येईना. त्याला ओढायची कोणाची हिंमत होईना, वय झालेलं, पडला-बिडला तर? एवढ्यात ब्रेक संपला, दिवा लागला, आणि निवेदिकेने माझं नाव घेतलं.

माझ्या आयुष्यातला पहिला टीव्ही, आणि स्टेजच्या मधोमध एक कोंबडी उभी. मी बाजूला उभा राहून लाँच चालू करायला लागलो. "घुर्रर्र... घुर्रर्र..." मागून, "कॉक." लोक हसले. त्याला. मी कंडक्टर काढला. "पुढं सरका, पुढं सरका!" मागून, "कॉऽक?" लोक आणखी हसले. त्यालाच. म्हातारा माझा कार्यक्रम माझ्या डोळ्यांदेखत खात होता, तोंडात अंडं असताना.

मग मी स्टेजवरून खाली उडी मारली. दया-बिया काही नाही, मला माझी जागा रिकामी हवी होती. दाढीवाल्याला कोपराने बाजूला केलं, कॅमेऱ्याला खांदा लावून उभा राहिलो, अंकलच्या डोळ्यांत बघितलं, आणि मूठ मिटली.

अंकलचा चेहरा... ती नक्कल मला जमत नाही. प्रयत्न केलाय.

मान ताठ झाली. अंगभर एक शहारा गेला. गाल फुगला, ओठ गोल झाले, आणि ते बदामी अंडं हळूच, ओलं, त्याच्या तळहातावर उतरलं. मग एकच हाक, त्या हाकेने सुरूच्या झाडांवरचे कावळे उठले. आणि गाव उभं राहिलं. टपरीवाले खुर्च्यांवर चढले.

निवेदिका धावत आली. तिला आता कळलं होतं. "काका! म्हणजे इतका वेळ हे तोंडात होतं? आता बोला! आता तरी बोला!" आणि माइक त्याच्या तोंडाशी.

आम्ही सगळे सावध झालो. आता भाषण. आमच्या वेळेक, लाइव्ह, चुकी, सगळं. अंकलने माइककडे बघितलं, हातातल्या अंड्याकडे बघितलं. बोळक्या तोंडाने म्हणाला, "झाला."

आणि खाली उतरला. आंटीच्या हातात अंडं दिलं आणि तिच्या शेजारच्या खुर्चीवर बसला.

माझा वेळ संपला होता. निवेदिकेने माझं नाव चुकवून माझे आभार मानले.

त्या दिवसापासून अंकलने टीव्हीचा विषय बंद केला. टपरीवर लोक स्वतःहून विचारायचे, "अंकल, जरा सांगा ना त्या वेळचा." तर हा म्हणायचा, "कसला? बांगडे काय भाव लागले आज?" रबर ओढलं तरी चालू होईना. साधा म्हातारा झाला, चारचौघांसारखा. आमच्या गावाची केवढी करमणूक गेली. माझं तर दुकानच बसलं. नक्कल करायची कोणाची?

मग चॅनेलचा परत फोन आला. म्हणाले, त्या कोंबडीवाल्या आजोबांचा तुकडा मोबाइलवर खूप चालला, पण फार लांब आहे. तुम्ही त्यांची नक्कल करता ना? आमच्यासाठी अर्ध्या मिनिटात करा. आणि एक लक्षात ठेवा, अंडं सुरुवातीलाच. लोक थांबत नाहीत.

मी काय मूर्ख आहे नाही म्हणायला? खरं अंडं माझ्या तोंडात जाईना. दोन फोडली. तिसऱ्याला टेबल टेनिसचा चेंडू घेतला, त्यावर आंटीच्या चहाच्या पाण्याचा रंग दिला. निळसर शर्ट, चपचपीत तेल, उजवा गाल. दिवा लागला की अंडं बाहेर. मग उरलेला वेळ नुसतं हसवायचं. लाखांनी बघितलं लोकांनी. कणकवलीच्या बाजारात मला भाजीवाल्या हाका मारायला लागल्या.

अंकलला मी दाखवणार नव्हतो. आंटीने बोलावून घेतलं. "हाड तो फोन. तेका बघूचा आसा."

पडवीत बसून अंकलने बघितलं. फोन लांब धरून, मग जवळ धरून. संपलं. परत लावायला सांगितलं. परत बघितलं. मी म्हटलं आता गालाचं काहीतरी काढणार.

"अंडा बरा आसा," तो म्हणाला. "कोंबडी खंय?"

"अंकल, अर्ध्या मिन्टात कोंबडी बसणा नाय. तेंका नुसता अंडाच व्हया होता."

त्याने फोन माझ्या हातात दिला.

"मगे ता घातल्यान कोणी?"